भांगाचं पाणी

घरात मीच तेवढी शुद्ध बोलणारी,
म्हणून काकासोबत रत्नागिरीला मला धाडलं.
देवगडहून पहाटेची एसटी. काका खिडकीशी,
मांडीवर डबा, डब्यात घावणे,
राजापूर येईतो एक शब्द नाही.
राजापूरला म्हणाला, "चेडवा, थंय माझ्यावतीन तूच बोल.
माझे शब्द वायच इस्कटलेत."

डॉक्टर चांगले होते. यवतमाळकडचे, तरुण,
नुकतीच बदली झालेली, घामाने बेजार.
विचारलं, आवाज ऐकू येतात का?
मी विचारलं, काका, आवाज येतत?
तो माझ्याकडे बघतच राहिला.
तांबळडेगचं घर. न्हाणीच्या मागे दर्या.
"येतत मगे. तुका येणत नाय?"
मी सांगितलं, हो म्हणतात.
लिहिलं गेलं.

झोप?
"उधाणात नाय. भांगात येता."
पेन थांबलं. किती वर्षं घेतात भांग?
मग टेबलावरच्या धुळीत बोटाने अर्धा चंद्र काढून
मी अष्टमीचं पाणी समजावलं,
जे धड चढत नाही, धड उतरत नाही,
ज्या दिवसांत होड्याही जरा पाठ टेकतात.
डॉक्टर हसले. 'व्यसन' खोडलं.
खोडलेलं अजून वाचता येतं.
केसपेपर माझ्याकडेच असतो,
रेशनकार्डाच्या पिशवीत.

इथवर मी खरी होते.

मग काका म्हणाला, "झुरवंड इलां.
झुरवंडान माझी जीभ धरल्यान."

झुरवंड म्हणजे?

मला माहीत नव्हतं.
पण टेबलावरचं उलटं वाचता येत होतं मला:
'स्वतःचे शब्द तयार करतो', पुढे प्रश्नचिन्ह.
हॉस्टेलवर पहिल्याच रात्री मी 'खंय' म्हणाले
तेव्हा सहा मुलींच्या तोंडावर हेच चिन्ह होतं.
त्यानंतर मी शुद्ध झाले.
म्हटलं, जाळ्याचा प्रकार आहे सर. आमच्याकडे म्हणतात.

गावी येऊन विचारत फिरले.
रापणीवर गुणाजी तांडेलाला, मासळी वाळवणाऱ्या बायकांना,
कानाने ठार बहिऱ्या आबी कुबलिणीला ओरडून ओरडून.
"झुरवंड? नाय गो. कोण म्हणता?"
शब्द काकाचाच होता.
आणि गोळी मिळाली होती
माझ्या भाषांतराला पुरेल एवढीच.

श्रावणात पुनवेच्या रात्री तो सापडला
कमरेएवढ्या पाण्यात, कुणाला तरी
तारस्वरात पत्ता सांगत. पत्ता आमच्याच घराचा.

दुसऱ्या खेपेला मी सगळं सांगून टाकलं.
जाळं नाही सर. मी खोटं बोलले.
शब्द त्यांचा आहे, मला कळत नाही.
रागावतील वाटलं. त्यांनी पेन मिटलं,
खुर्ची ओढून काकाच्या बाजूला घेतली
आणि विसरले बहुतेक, की आपण कुठे आहोत,
"काका, कसं असते हे झुरवंड?"
त्यांच्या घरी बोलतात तसं.

काका अर्धा तास बोलला.
मी खिडकीतून बाहेर बघत होते.
मध्ये एकदाच डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं,
मी मान हलवली. नाही. हे मी सांगणार नाही.

गोळी बदलली. हात थोडे कापतात,
जाळं विणताना गाठ दोनदा मारावी लागते.

एक सांगायचं राहिलं.
आमच्याकडे खुळो हा लाडाचा शब्द.
दूध सांडलं तरी खुळो, पहिला नंबर आला तरी खुळो.
काका आजारी पडला त्या वर्षापासून
घरात तो कुणी उच्चारला नाही.
कुणी ठरवलं नव्हतं. भाचरं त्याच्याविना मोठी झाली.

परवा फोनवर मी त्याला म्हटलं,
काका, त्या दिवशी डॉक्टरांका मी फटी मारलंय.
झुरवंड म्हणजे जाळां, असा सांगितलंय.

पलीकडे बराच वेळ गाज.
भांगाचे दिवस असावेत, हळू येत होती.

"जाळांच मगे तां," काका म्हणाला.
"तुका कसां कळलां गो, खुळ्या?"